हिरवी राख

हरेश्वर, तुझा डोंगर आता माझ्या टेबलावर आहे.

तुझ्या बाराव्याला नरपडला आलो होतो. जेवणं उरकली, पाहुणे पांगले, तेव्हा मीनलने तो माळ्यावरून खाली काढला, ओल्या फडक्याने पुसला आणि माझ्यापुढे ठेवला. म्हणाली, "काका, हा तुमचा आहे म्हणायचे बाबा." मी म्हणालो, नाही गं, हा त्यानेच केलेला. हेच वाक्य मी पूर्वी एकदा चारचौघांत बोललो होतो. त्या वाक्याने तुझं काय केलं ते तुला ठाऊक होतं आणि मला ठाऊक होतं. तिसऱ्या कुणाला ठाऊक नाही, असं मी तोवर समजत होतो.

इथल्या साप्ताहिकाने तुझ्यावर लिहायला सांगितलं आहे. जुना सहकारी, जुना मित्र म्हणून. तुझा जन्म, नोकरी, शाळेच्या भिंतींवरची चित्रं, निवृत्ती, हे सगळं क्रमाने लिहून देता आलं असतं. ते दुसरा कुणीही लिहील. मी तुझ्याशीच बोलतो. दुसऱ्या कुणाशी बोलायला लागलो तर मध्येच वाट काढून निसटेन. ती माझी सवय तुला माहीत आहे.

तू चित्रकलेचा, मी भूगोलाचा. तलासरी तालुक्यातल्या त्या शाळेत मी घाटावरून आलो तेव्हा मला समुद्राचा वास सहन होत नव्हता आणि तू नरपडच्या मासेमारांच्या घरातला. पहिल्याच आठवड्यात आपलं भांडण झालं. मुलांनी निसर्गचित्र काढलं की दोन त्रिकोण आणि मधून उगवणारा सूर्य. तू ते कागद परत दिलेस आणि अख्खा वर्ग मैदानात नेऊन बसवलास. समोर महालक्ष्मीचा डोंगर होता. "हा काढा. याला कुठे दिसतो त्रिकोण?" मी तुला शिक्षकांच्या खोलीत सुनावलं, की नकाशात पर्वत त्रिकोणानेच दाखवतात, तू माझी मुलं बिघडवतोयस. तू म्हणालास, "भूगोलसाहेब, तुमच्या नकाशात माझं घर समुद्रात पडतं. म्हणून मी काय होडीत झोपू?"

तेव्हापासून तू मला भूगोलसाहेब म्हणायचास. 'साहेब'वर जोर देऊन.

किती वाद घातले रे आपण, आणि एकही पुरा झाला नाही. भारतातलं सर्वांत उंच शिखर कोणतं, हा तर दर वर्षी सहामाही परीक्षेच्या सुमारास निघायचा. मी के-टू शिकवायचो. तू म्हणायचास, "जिथे आपल्या माणसाला जाता येत नाही ते आपलं सर्वांत उंच कसं? कांचनगंगा सांग, निदान खोटं तरी वाटणार नाही." अरवली म्हणजे झिजून झिजून उरलेला जगातला एक अतिशय जुना पर्वत, हे मी सांगितल्यावर तू त्याचं चित्र काढलंस: पाठीत वाकलेला म्हातारा, अंगावर पंचा. ते मी वर्गात लावलं होतं. सह्याद्री हा रूढ अर्थाने पर्वतच नव्हे, पठाराची तुटलेली कड आहे, हे तुला कधीच पटलं नाही. "खालून बघ," तू म्हणायचास. "तू वरून आलास म्हणून तुला कड दिसते. आम्हाला डोंगरच दिसतो."

आणि बॅरन बेट. आपल्या देशातला एकुलता एक जागा ज्वालामुखी, अंदमानच्या समुद्रात. तो बघायचा, लांबून का होईना, हे माझं वेड होतं. निवृत्त झालो की दोघांनी जायचं ठरलं होतं. तू म्हणायचास, मी नसलो तर बोटीत तुला उलट्या होताना धरायचं कुणी.

त्या वेडातूनच हा डोंगर झाला.

नववीला ज्वालामुखीचा धडा होता. मला वर्गात स्फोट करून दाखवायचा होता. प्रयोगशाळेत अमोनियम डायक्रोमेटचे नारिंगी खडे होते. पेटवले की ठिणग्या उडतात आणि भसाभस हिरवी राख वर येते, मुठीएवढ्या खड्यांची टोपलीभर राख. त्याला एक पोकळ डोंगर हवा होता. मी तुला सांगितलं, महालक्ष्मीचा कर. तू हातातला ब्रश खाली ठेवलास. म्हणालास, परदेशातला एखादा कर की. नाहीतर तुझं ते बॅरन कर. मी म्हणालो, परका डोंगर मुलांच्या लक्षात राहत नाही; रोज दिसतो तो दाखवला तर जन्मभर डोक्यात राहील. तू म्हणालास, "तेच म्हणतोय मी. जन्मभर राहील."

शिवाय तू मला माझाच भूगोल ऐकवलास. आपल्याकडचा दगड लाव्ह्याचा खरा, पण तो लाव्हा शिखर फोडून उडाला नव्हता. जमिनीला लांब लांब भेगा पडल्या आणि त्यांतून तो थरावर थर पसरला, तव्यावर घावन पसरावं तसा. कोट्यवधी वर्षांपूर्वी. हे मीच तुला सांगितलेलं. "मग घावनच दाखव ना," तू म्हणालास. "माझी बायको पीठ भिजवून देईल." मी हसलो. घावनाने वर्ग टाळ्या वाजवत नाही.

शेवटी केलास. तारेची जाळी, गोणपाट, प्लॅस्टर, वर रंग. सुळका हुबेहूब आला होता. वर भोक पाडायची वेळ आली तेव्हा तू आधी हात जोडलेस, आणि मी शिक्षकांच्या खोलीत सगळ्यांना ती नक्कल करून दाखवली. भोक तू नेमकं सुळक्यावर पाडलं नाहीस, थोडं बाजूला घेतलंस. जिथे देवीचं निशाण लागतं तिथे नाही, म्हणालास. आत दुधाच्या पावडरीचा रिकामा डबा बसवलास.

पहिल्या दिवशी वर्गात काय झालं ते तू दारात उभा राहून पाहिलंस. पडदे लावलेले. मी खड्यांवर मॅग्नेशियमची पेटती फीत टाकली आणि महालक्ष्मीच्या डोंगरातून आग उसळली. मुलं बाकांवर चढली. मग हिरवी राख फसफसत सुळक्यावरून खाली आली आणि पायथ्याशी तू काढलेल्या छोट्या झोपड्या तिच्यात बुडाल्या. ओरडा थांबल्यावर पहिल्या बाकावरचा लाहनू उठला. डोंगराच्या पायथ्याच्या पाड्यावरचा. त्याने विचारलं, "सर, आपला डोंगर असा कधी फुटल?"

खरं उत्तर एका शब्दाचं होतं. कधीच नाही. पण वर्ग इतका शांत झाला होता, हरेश्वर, इतका शांत वर्ग मला तोवर कधी मिळाला नव्हता. मी टेबलाला टेकलो, आवाज खाली आणला आणि म्हणालो, "आज नाही फुटणार. पण आत आग आहे."

तू दारातून निघून गेलास. संध्याकाळी स्टँडवर म्हणालास, हे वाक्य पुन्हा बोलू नकोस. मी म्हणालो, अरे, पृथ्वीच्या पोटात आहेच की आग. तू म्हणालास, पृथ्वीच्या पोटात आहे, डोंगराच्या नाही, आणि लाहनूने डोंगराचं विचारलं होतं.

मी दर वर्षी बोललो. तेच टेबल, तोच आवाज, तीच शांतता. निवृत्त होईपर्यंत. आजूबाजूच्या पाड्यांवरची किती मुलं त्या वर्गातून गेली असतील; ती मोठी झाली, त्यांची लग्नं झाली, आणि ते वाक्य त्यांच्याबरोबर घरोघर गेलं. डोंगर तुझा होता. वाक्य माझं होतं.

मग काही वर्षांपूर्वीच्या त्या हिवाळ्यात जमीन हलायला लागली.

बाहेरच्या वाचकाला सांगायला हवं, की तो एक धक्का नव्हता. धुंदलवाडी, तलासरी, डहाणू, या सगळ्या पट्ट्यात धक्क्यांवर धक्के बसत राहिले, आठवडे, महिने. आधी जमिनीखालून सुरुंग उडाल्यासारखा आवाज, मग भांडी. कुडाच्या भिंती डोलल्या आणि उभ्या राहिल्या. विटांच्या घरांना तडे गेले. सरकारने तंबू दिले. थंडीत माणसं लेकरंबाळं घेऊन शेतात झोपू लागली. ते बरोबरच होतं. पण डोंगराच्या पायथ्याच्या पाड्यांवर माणसं भूकंपाला भीत नव्हती. ती डोंगराला भीत होती. डोंगर फुटणार, आग खाली येणार. कुणी गुरं घेऊन पाहुण्यांकडे गेलं, कुणी घर मोडून कौलं उंबरगावकडे नेली. आणि एका दुपारी तो आवाज झाला तेव्हा सगळे अंगणात येऊन उभे राहिले, पण लाहनूची म्हातारी आई उभी राहिली नाही. ती डोंगराकडे पाठ करून धावत सुटली. आग कुठल्या बाजूने खाली येते ते लाहनूने तिला सांगून ठेवलं होतं. ती ओढ्याच्या दगडांत पडली. खुबा मोडला. पुन्हा उठली नाही. पावसाळा लागायच्या आत गेली.

त्या पाड्याजवळच्या शेतात सभा झाली तेव्हा ती अजून खाटेवर होती. मला बोलावलं होतं जाणकार म्हणून. आठवतं ना, इस्त्रीचा सदरा घालून आलो होतो. तू मागे मोहाच्या झाडाखाली बसला होतास, तंबूंसाठी दोऱ्या घेऊन आलेला. कचेरीतले अधिकारी होते आणि बाहेरून आलेल्या एक भूशास्त्रज्ञ बाई. अधिकाऱ्यांनी सुरुवातीलाच बजावलं, की ज्वालामुखीची अफवा कोण पसरवतंय ते शोधून काढू आणि सोडणार नाही. मग मी माइकवर अर्धा तास बोललो. इथे ज्वालामुखी नाही, देशात जागा ज्वालामुखी एकच आणि तो अंदमानात, आपला डोंगर म्हणजे थंड झालेला दगड. सगळं खरं. माझ्या आयुष्यातला सर्वांत अचूक अर्धा तास असेल तो.

लाहनू उठला. आता चांगला बाप्या माणूस, मिशा आलेल्या. म्हणाला, "मग डोंगरावर राख कशी पडते? आमी पायली. पानांवर हाय. हिरवी."

पानांवर काय होतं देव जाणे. मोहोराची धूळ असेल, वाळलेलं शेवाळ असेल. त्या बाई समजुतीने हसल्या. म्हणाल्या, "दादा, ज्वालामुखीची राख हिरवी नसते. करडी असते. हिरवी राख कुठे बघितलीत तुम्ही?"

"शाळेत," लाहनू म्हणाला.

माणसं हसली. जगात कुठल्याही ज्वालामुखीतून हिरवी राख पडत नाही, हरेश्वर. ती एकाच खोलीत पडली होती. ती पानांवर बघणारी सगळी माणसं माझ्या वर्गात बसलेली होती, नाहीतर बसलेल्यांची आई-बायको होती. अख्ख्या पायथ्याची भीती कुठून निघाली ते त्या एका रंगाने सांगून टाकलं, आणि ते कळणारी त्या शेतात दोनच माणसं होती. मी तुझ्याकडे बघितलं. तू आधीच माझ्याकडे बघत होतास.

अधिकारी हसले नव्हते. त्यांनी विचारलं, "शाळेत? कोणी दाखवली?"

लाहनू गप्प राहिला. गुरुजींचं नाव सभेत कसं घ्यायचं, या संकोचाने असेल. माइक माझ्या हातात होता. मी म्हणालो, "तो डोंगराचा नमुना आमच्या चित्रकलेच्या सरांनी बनवला होता. ते इथेच आहेत."

यात एक अक्षर खोटं नव्हतं. तेच मी स्वतःला पुढे कितीतरी वर्षं सांगत आलो. पण मी ते का म्हणालो ते आज लिहितो. मी नुकताच अर्धा तास जाणकार होतो आणि पुढचा अर्धा तासही मला जाणकार राहायचं होतं. बस, एवढंच. तुझ्याविरुद्ध माझ्या मनात काही नव्हतं. असतं तर बरं झालं असतं, निदान कारण तरी झालं असतं.

तू उठलास. गुडघ्यावर हात ठेवून, सावकाश. मला वाटलं आता बोलशील, आणि खरं सांगतो, मला तेव्हा सुटल्यासारखंही वाटलं. तू म्हणालास, "हो. डोंगर मी केला."

अधिकाऱ्यांनी तुला सगळ्यांसमोर झाडलं. शिकलेली माणसं असं करायला लागली तर अडाण्यांनी काय करायचं, वगैरे. मग तुला पुढे बोलावून माफी मागायला लावली. माइक मीच तुझ्या हातात दिला. समोर बाप्ये, बाया, म्हातारे बसलेले, आणि तू त्यांना म्हणालास, "मुलांनो, आपल्या डोंगराला भोक नाही. ते मी पाडलं होतं. चुकलं माझं."

पुढचं तुला सांगायला नको, पण वाचणाऱ्यांना सांगायला हवं, कारण त्यातल्या बऱ्याच जणांनी ते केलं आहे. तू 'ज्वालामुखी मास्तर' झालास. डहाणूच्या बाजारात तो गुजराती कापडवाला गल्ल्यावरून हाक मारायचा, "केम मास्तर, आजे फाटवानो के?" आणि आज फुटणार का, या थट्टेवर गिऱ्हाइकं हसायची. निवृत्तीनंतर रविवारी तू पाड्यावर चित्रं शिकवायला जायचास. आयांनी मुलं पाठवणं थांबवलं. तू दोन-तीन रविवार रंग घेऊन गेलास, रिकाम्या ओट्यावर बसलास आणि परत आलास. लाहनूची आई गेली तेव्हा लोक म्हणाले, हिला मास्तरने मारलं. तू भेटायला गेलास, आणि लाहनूने तुला दारातून परत पाठवलं. हे मला दुसऱ्याकडून कळलं. मीही गेलो होतो भेटायला, हरेश्वर. मला त्याने पाट दिला, पाणी दिलं. मी ते प्यालो.

तुझं येणं थांबलं असतं तर मला सोपं गेलं असतं. तू येत राहिलास. सरावलीला माझ्या घरी, बोंबील नाहीतर सुकटीची पुडी घेऊन, हिच्या हातचा चहा प्यायला. पण तू मला भूगोलसाहेब म्हणणं सोडलंस. साधं नावाने हाक मारू लागलास. डोंगरांवर वाद घालणं सोडलंस. मी मुद्दाम के-टू काढायचो, तू "असेल" म्हणायचास. 'असेल' हा शब्द इतका जड असतो ते मला तेव्हा कळलं.

शेवटचे भेटलो ते नरपडच्या किनाऱ्यावर, सुरूच्या सावलीत. बारीकसा धक्का बसला. अजूनही बसतात अधूनमधून. तू म्हणालास, "पाणी हललं नाही बघ." मग पाण्याकडे बघतच विचारलंस, "अजून सांगतोस का रे, आत आग आहे म्हणून?"

मी म्हणालो, आता कुठे वर्ग आहे माझ्यापुढे.

"वर्ग आहे की," तू म्हणालास. "घरोघर बसलाय."

तेव्हा बोलायचं होतं. सावली होती, कुणी नव्हतं, तू स्वतः दार उघडून दिलं होतंस. मी म्हणालो, "या थंडीत अंदमानला जाऊच." तू हसलास. पूर्वीसारखा हसलास, म्हणून मला वाटलं मिटलं सगळं. म्हणालास, "तू नाही चढायचास बोटीत." मग उठून वाळू झटकलीस आणि गेलास. ते वाक्य बोटीबद्दल नव्हतं, हे मला तुझं प्रेत उचलताना कळलं.

बाराव्याला डोंगर समोर ठेवल्यावर मी मीनलला सगळं सांगितलं. खांद्यावरचं ओझं उतरवावं म्हणून नाही. तो डोंगर समोर असताना दुसरं काही बोलता येईना म्हणून. ती रडली नाही. फडक्याची घडी केली. मग म्हणाली, तिने तुला एकदा विचारलं होतं, की बाबा, राख तर काका पेटवायचे ना, मग माफी तुम्ही का मागितलीत. आणि तू तिला म्हणालास, "त्याच्याजवळ भूगोलाशिवाय दुसरं काय होतं गं? मला समुद्र तरी होता."

हे तू मला का नाही म्हणालास? शिव्या दिल्या असत्यास तरी चाललं असतं. तुझ्या दयेचं मी काय करू आता? ती परत कुणाला देऊ?

डोंगर घरी आणल्यावर नीट बघितला. तू भोक बुजवलं आहेस. प्लॅस्टर घासून, वर रंग देऊन, इतकं सफाईने की आधी मला ते सापडलंच नाही. नखाने चाचपडल्यावर कड लागली. सुळक्यावर तांबड्या कापडाचं एवढंसं निशाण आहे. पायथ्याच्या झोपड्या नव्याने रंगवल्या आहेस. हलवला की आत काहीतरी सरकतं. डबा आहे तो अजून. त्यात माझी राख असणार.

परवा तो गोणपाटात गुंडाळला, टमटममध्ये मांडीवर घेतला आणि लाहनूच्या पाड्यावर गेलो. त्याचं विटांचं घर तडे जाऊन तसंच उभं आहे. तो शेजारी कुडाच्या घरात राहतो. तो उंबरगावच्या कारखान्यातून पाळी संपवून आलेला, अंगणात बाजेवर बसला होता. मला बघून उठला. तू गेल्याचं त्याला कळलं होतं. मी डोंगर त्याच्यापुढे उघडला आणि उभ्या उभ्या सांगून टाकलं. राख मी पेटवत होतो. आत आग आहे हे मी म्हणायचो, आणि ते खोटं होतं, आणि खोटं आहे हे म्हणताना मला माहीत होतं. हरेश्वर सरांनी मला दोनदा अडवलं होतं. तुझी आई त्या डोंगराने नाही पळाली, माझ्या वाक्याने पळाली.

तो ऐकत होता, सुळक्यावरच्या निशाणाला बोट लावून. मग म्हणाला, "गुरुजी, राख तुमी पेटवली ते मला ठावं हाय. मी पयल्या बाकावर व्हतो."

मी विचारलं, मग सभेत का नाही बोललास? आणि सरांना दारातून का परत पाठवलंस?

"तुमी बोललात त्यांनी केला. ते बी हो म्हनले." तो माझ्याकडे बघत नव्हता. "दोन गुरुजी एक सांगतात म्हनल्यावर मना वाटलं माझंच डोकं फिरलं असंल. लहानपणी पायलेलं. गुरुजी सांगतील ते खरं, डोळ्यानी दिसलं ते नाय, आसंच शिकलो ना आमी."

मी बाजेवर बसलो. उभ्या आयुष्यात मी मुलांना काय शिकवलं ते मला त्या अंगणात एका वाक्यात कळलं, आणि त्यात ना एक शिखर होतं ना एक नदी.

लाहनू आत गेला असावा असं वाटलं, पण तो तिथेच उभा होता. म्हणाला, "आई गेली तवा सर आलते. पायी आलते, स्टँडवरून. हातात नारळ व्हता. मी दारात आडवा झालो. पानी बी नाय विचारलं. ते उनात तसेच मागे फिरले." मग पहिल्यांदा त्याने माझ्याकडे सरळ बघितलं. "तुमी मना सांगितलं, बरं केलं. आता मी कोनाला सांगू?"

माझी चूक मी एकट्याची समजत होतो. तिने एका सरळ माणसाच्या हातून एक पाप करवून घेतलं आहे आणि ते फिटायची वाट तुझ्याबरोबर गेली. म्हणून हरेश्वर, हे सगळं लिहितो आहे. माझं तर सांगून झालं, पण लाहनूने विचारलेलं तुझ्यापर्यंत पोचवायला मला दुसरा रस्ता माहीत नाही.

निघायच्या आधी त्याने आतून पाणी आणलं. दोन पेले. एक माझ्या हातात दिला. दुसरा डोंगराच्या पायथ्याशी, तू रंगवलेल्या झोपड्यांच्या पुढे ठेवला, आणि हात जोडून बाजूला उभा राहिला. हात जोडले म्हणून या वेळी मी हसलो नाही.

डोंगर उचलायला वाकलो तेव्हा तो म्हणाला, "ऱ्हाऊ द्या थोडा येळ. सरांचं पानी व्हायचं हाय."

मी थांबलो. दिवस महालक्ष्मीच्या डोंगराआड नाही, समुद्राकडे बुडतो. डोंगर शेवटपर्यंत उजेडात होता. त्यावर काही हललं नाही, काही निघालं नाही. दगड होता तो, थंड. पेला तसाच भरलेला होता.